मोहबोडीचा होकार

गुणवंतराव मास्तरांना इंग्रजीत खात्रीचे सात शब्द येत होते आणि मोहबोडी गावाला मराठीत एकही येत नव्हता. एरवी त्यावाचून कोणाचं काही अडत नसे. मास्तर शाळेत शिकवत, गाव धान लावी, तळ्यात मासे धरी, आणि दोघंही एकमेकांना फारसं न समजता सुखानं नांदत. पण गेल्या पावसाळ्यात तळ्याची पाळ फुटली आणि हे सुख पाण्याबरोबर वाहून गेलं.

पाणी गेलं ते नेमकं धान निसवायच्या वेळी. मासे नाल्यानं खालच्या गावाला गेले आणि तिथल्या लोकांनी ते आवडीनं खाल्ले. मास्तरांची बायको कमळाबाई हिला माहेराकडून मिळालेली एक बांधी, म्हणजे धानाचं खाचर, होती, ती पाळीच्या पायथ्याशी. तिच्यात त्या वर्षी धानाऐवजी गाळ पिकला. तेव्हापासून घरात भात सणावारी शिजे. रोजच्या ताटात ज्वारीची भाकर, लाखोळीचं वरण आणि कमळाबाईचा एक उसासा असे.

अशात चांद्याहून पाळ बांधायची सरकारी योजना आली. सिमेंट, पाणी अडवायचं लोखंडी दार आणि मिस्त्री सरकारचा; माती आणि मेहनत गावाची. याला श्रमदान म्हणायचं. अट एवढीच, की गावानं येण्याची खात्री द्यायची. ग्रामसेवक नवा होता, अमरावतीकडचा. त्यानं चावडीवर माणसं गोळा केली आणि विचारलं, "येता ना सगळे? नक्की?"

मासे धरणाऱ्या ढिवरांचा म्हातारा उमाजी कान खाजवत म्हणाला, "पाहू."

गावातला मोठा शेतकरी रामाजी म्हणाला, "जमन तं येऊ."

"देवाच्या मनात असन तं," असं गावातल्या फटकळ देवकाबाईनं मागून जोडलं. ग्रामसेवकानं 'गाव राजी नाही' असा अहवाल दिला आणि तो सायकलवर बसून निघून गेला. आता नवा साहेब स्वतः येणार होता, शेवटचं विचारायला. तरीही गावानं खात्री दिली नाही तर सिमेंट खालच्या गावाला जाणार होतं. म्हणजे ज्यांनी मासे खाल्ले त्यांनाच.

गावाला यायचं नव्हतं असं मुळीच नाही. गाव एका पायावर तयार होतं. पण पाळीवर शेंदराच्या दगडात माता माय बसलेली होती, आणि तळ्याच्या बाबतीत काय होणार नि काय नाही हे ठरवण्याचा मक्ता तिचा होता. तिच्या आधी कोणी 'नक्की' म्हटलं की तिचं डोकं फिरे. म्हणून जाळं टाकताना 'मासे मिळतीन' असं कोणी म्हणत नसे, रोवणीच्या वेळी 'पिकन' असं कोणी म्हणत नसे. 'पाहू' म्हणायचं आणि कामाला लागायचं. मोहबोडीत ज्यानं 'पाहू' म्हटलं तो अंगात ताप असला तरी येई. छातीवर हात मारून 'येतोच' म्हणणाऱ्या माणसाला पोरगी द्यायला मात्र लोक कचरत.

मास्तर वरोऱ्याचे, मॅट्रिक झालेले. हा सगळा प्रकार त्यांना अडाणीपणाचा वाटे, आणि तसं ते घरात बोलूनही दाखवत.

"एक शब्द बोलाले काय जाते यांचं?" ते जेवता जेवता म्हणाले. "गेलं आता सिमेंट."

"मंग तुम्हीच सांगा ना सायबाले समजावून," कमळाबाई म्हणाली.

"काय सांगू? का गाव होय म्हणाले भेते? थो म्हणन, गाव येडं आणि मास्तरही येडा."

"अवो पण सायेब मद्रासकडचा हाय म्हंतेत. त्याले मराठी कुठी येते? थो विचारन इंग्रजीत, गावाले काई समजणार नाई, हे बोलतीन ते त्याले समजणार नाई. कायची खात्री आणि कायचं काय!"

मास्तरांचा घास हातातच राहिला. ताट तसंच टाकून ते उठले आणि हात न धुता चावडीकडे निघाले.

संध्याकाळी शाळेच्या ओट्यावर सगळी मंडळी जमली. मास्तरांनी खाकरून घसा साफ केला आणि विचारलं, "मले एक सांगा. मायले इंग्रजी येते का?"

 एवढ्या पिढ्या पूजा चालली होती, पण हा प्रश्न कोणाला सुचला नव्हता.

"येत नसन," उमाजी जपून म्हणाला.

"काऊन येत नसन?" देवकाबाई उसळली. "थो गोरा सायेब तळ्याचं माप घ्याले आला होता, त्यानं पाळीवरच तंबू ठोकला होता. दिसभर बोंबलत राहे. मी माह्या बापाची भाकर घेऊन जाओ तं मले 'डॅम फूल' पाठ झालं. मायले नाई होणार?"

"थो तं शिव्याच देत होता," रामाजी म्हणाला. "शिव्या आयकून भाषा येत नाई. नाई तं माह्या बैलाले मराठी आली असती."

शेवटी मायचा पुजारी डोमा याच्यावर सोपवलं. डोमानं सकाळी आंघोळ करून दगडाला तांदळाचे दाणे लावले आणि कौल मागितला. उजवा दाणा पडला. डोमानं आणलेला निरोप असा होता, की मायला इंग्रजी येत नाही आणि शिकायची इच्छाही नाही. मास्तरांना त्या दिवशी मायबद्दल प्रथमच थोडा आदर वाटला.

मग खात्रीच्या इंग्रजी शब्दांची वाटणी सुरू झाली. मास्तरांना वाटलं होतं, दहा मिनिटांचं काम आहे.

"सगळ्यात मोठा कोणता?" रामाजीनं विचारलं.

"अनडाउटेडली. पण थो कोर्टातला शब्द हाय. जज्ज लोक वापरतेत. त्याचा अर्थ असा का..."

"अर्थ राहू द्या. मोठा हाय ना? मंग थो माहा."

"'ऑफ कोर्स' हा जरा जपून वापराचा," मास्तर पुढे सांगू लागले. "हे काय विचारणं झालं, असा त्याचा भाव हाय. वरिष्ठापुढे उद्धट वाटते."

"थो मले द्या," देवकाबाई म्हणाली, आणि याबद्दल कोणाचंच दुमत झालं नाही.

"'नो डाउट' म्हंजे शंका नाई. पण गंमत अशी का इंग्रज माणूस 'नो डाउट' म्हंला का पुढे 'बट' म्हणतेच. शंका नाई, पण..."

सगळ्यांच्या माना झिंगूकडे वळल्या. झिंगू हा उमाजीचा पुतण्या. लग्नात पुरोहितानं सावधान म्हटलं तेव्हाही तो 'हाव, पण' म्हणाला होता, असं लोक सांगत.

"माही काई हरकत नाई," झिंगू म्हणाला, "पण..." आणि तो शब्द त्याच्या नावावर चढला.

डोमा पुजारी, म्हणून त्याला अदबीचा 'सर्टनली' मिळाला. 'डेफिनिटली' दिवस-वार ठरलेला असला की शोभतो, म्हणून तो गावचा बाजार करणाऱ्या वारलूला दिला. 'मस्ट' कोणी घेईना. "ढग आले म्हंजे पाऊस असनच, असा हा अंदाजाचा शब्द हाय," एवढं मास्तरांनी सांगितल्याबरोबर लोक मागे सरकले. ढगाचं नाव काढून पावसाची हमी देणारा शब्द मोहबोडीत कोण तोंडात धरणार? तो मास्तरांनी स्वतःकडे ठेवला.

"आता उरला 'शुअरली'. हा मात्र फसवा हाय. दिसाले खात्रीचा, पण इंग्रज हा शब्द तेव्हाच काढते जेव्हा त्याच्या स्वतःच्याच पोटात गोळा आलेला राहते. होईन ना? होईनच ना? असा. हा राहू द्या."

"मास्तर," उमाजी पुढे सरकत म्हणाला, "हाच तं खरा शब्द हाय. मले हाच द्या."

पुढचे काही दिवस मोहबोडीत खात्रीला ऊत आला. जाळी विणताना, गुरं पाणी पाजताना, लाकडं फोडताना लोक आपापला शब्द घोटत. रामाजी नांगराच्या मागे 'अन-डाव-टे-डली' म्हणत चाले, आणि 'टे' आला की त्याचे बैल थांबत. देवकाबाईचा सराव मात्र पहिल्या दिवशीच पक्का झाला. 'जेवली का वो?' असं शेजारणीनं विचारलं तरी ती 'आप कोर्स' म्हणू लागली. मास्तर रोज संध्याकाळी उजळणी घेत. त्यांची इंग्रजी अशी गावाच्या कामी येईल हे त्यांनी स्वप्नातही पाहिलं नव्हतं, आणि खरं सांगायचं तर ते भलतेच खूश होते.

ठरल्या दिवशी साहेबांची जीप आली. साहेब पोरगेलेसे होते, डोक्यावर हॅट, पायात बूट, चेहऱ्यावर देशाचं भलं करण्याची घाई. शाळेत खुर्ची मांडली होती, तिच्याकडे त्यांनी पाहिलंही नाही. त्यांना आधी फुटलेली पाळ पाहायची होती. मग खुर्ची पाळीवर आली, गाव पाळीवर आलं, आणि सभा मायच्या दगडापासून हाताच्या अंतरावर भरली. बाया खाली बांधीच्या कडेला, धुऱ्यावर, उभ्या राहिल्या. एकट्या देवकाबाईला तिच्या शब्दामुळे वर जागा मिळाली.

मास्तर कोटाची गुंडी लावून पुढे झाले. "गुड मॉर्निंग, सर. द व्हिलेज इज सर्टनली..."

साहेबांनी हात वर केला. "नमस्कार, गुरुजी. कृपया मराठीत बोलावे. मी मराठीची परीक्षा प्रथम श्रेणीत उत्तीर्ण झालो आहे."

मास्तरांच्या पायाखालची माती सरकली. घाईघाईत ते म्हणून गेले, "साहेब, गावकऱ्यांना इंग्रजी जास्त सोपं जातं."

साहेबांनी समोर पाहिलं. गुडघ्यावर धोतर खोचलेली, खांद्यावर जाळी टाकलेली माणसं त्यांच्याकडे एकटक पाहत होती. "काय म्हणालात?" त्यांनी विचारलं.

रामाजीला वाटलं, हाच तो प्रश्न. इतके दिवस सांभाळलेला शब्द त्याला आता तोंडात मावेना. "अन... अनडाव... टेडली!" तो ओरडला.

"आप कोर्स!" देवकाबाई कशाला मागे राहते!

"नो डाउट," झिंगू म्हणाला, "पण..."

साहेब आधी चकित झाले आणि मग त्यांचा चेहरा दुःखी झाला. "बंधूंनो," ते म्हणाले, "इंग्रज गेले. त्यांचे शब्द आपण किती काळ वाहणार? इतक्या आतल्या गावात ही गुलामगिरी पाहून मला वेदना होतात. आपल्या भाषेत सांगा. एकच शब्द पुरे. आपण श्रमदानास निश्चितपणे उपस्थित राहणार काय?"

'निश्चितपणे' हा शब्द पाळीवर उच्चारला गेला तेव्हा डोमानं डोळे मिटले. बाकीच्यांनी हळूच दगडाकडे पाहिलं. साहेब एकेकापाशी गेले. उमाजीच्या कपाळावर घाम आला होता. "सायेब," तो म्हणाला, "पाहू." रामाजी म्हणाला, "जमन तं..." आणि बाकीचं गिळलं. देवकाबाईनं जन्मात पहिल्यांदाच तोंड उघडलं नाही.

"गुरुजी," साहेब शेवटी मास्तरांकडे वळले, "आपण सुशिक्षित आहात. या लोकांना ओळखता. आपण सांगा. हे येतील? निश्चित?"

मास्तरांनी मनाशी म्हटलं, सांगून टाक. एका शब्दाचं तर काम आहे. दगडाला शेंदूर फासला म्हणून त्याला कान फुटतात का? त्यांनी साहेबांकडे पाहिलं, मग पाळीतल्या भगदाडाकडे पाहिलं, आणि मग खाली. गाळानं भरलेल्या बांधीच्या धुऱ्यावर कमळाबाई डोक्यावर पदर घेऊन उभी होती आणि त्यांच्याच तोंडाकडे पाहत होती. या एका शब्दानं तिची बांधी वाचणार होती. पण त्याच शब्दानं ती बुडाली तर? मास्तरांना एकाएकी भीती वाटली. मॅट्रिक झालेल्या माणसाला वाटू नये अशी, सरळ पोटातून आलेली भीती.

"नि..." ते म्हणाले, "नि... निदान प्रयत्न तरी करतील, साहेब."

साहेबांनी हॅट उचलली. "ठीक आहे. मग मीही काही कबूल करत नाही. कोणालाही कसलेही आश्वासन देत नाही." आणि ते जीपमध्ये बसून पलीकडच्या विश्रामगृहावर मुक्कामाला निघून गेले.

मास्तर घरी येऊन भिंतीकडे तोंड करून पडले. खालच्या गावात आता लोखंडी दार बसेल, तिथल्या तळ्यात मासे वाढतील आणि आपण इथे लाखोळीचं वरण खात म्हातारे होऊ, असं चित्र त्यांना स्पष्ट दिसत होतं. आपल्या भित्रेपणाची त्यांना लाज वाटत होती. तेवढ्यात कमळाबाई पावडं घेऊन आत आली.

"उठा. याचा दांडा हालून राह्यला. बसवून द्या."

"कायले?"

"उद्या पाळीवर माती टाकाची हाय. सगळं गाव जाते."

मास्तर ताडकन उठून बसले. "अवो, सायेब नाई म्हणून गेला!"

"नाई कुठी म्हंला? काई कबूल करत नाई म्हंला. उमाजीभाऊ म्हंतेत, आजवर जेवढे सायेब आले, सगळे होईन म्हणून गेले आणि काईच झालं नाई. हा पयला माणूस, त्यानं काईच कबूल केलं नाई. लय भरवशाचा हाय म्हंतेत."

मास्तरांनी तिला समजावायचा प्रयत्न केला. साहेब लोकांच्या भाषेत त्याचा अर्थ काय होतो, सरकारी कामात कबूल न करणं म्हणजे काय, सगळं सांगितलं. कमळाबाईनं शांतपणे ऐकून घेतलं आणि पावडं त्यांच्या हातात दिलं. मास्तरांनी दांडा बसवला.

सकाळी पाळीवर अख्खं गाव लोटलं होतं. पुरुष खणत होते, बायांच्या डोक्यावरून टोपल्या चालल्या होत्या, झिंगूसुद्धा 'पण' न म्हणता माती दाबत होता. एकट्यानं घरी बसणं बरं दिसेना म्हणून मास्तरही गेले. सिमेंट नाही, दार नाही, ही माती पहिल्या पावसात पुन्हा नाल्यात जाणार, हे त्यांना दिसत होतं. पण सांगणार कोणाला?

गडचिरोलीची वाट पाळीला लागूनच जात होती. ऊन वर आलं तशी साहेबांची जीप आली आणि माणसांच्या गर्दीत अडून उभी राहिली. साहेब खाली उतरले.

"हे काय चालले आहे?"

"माती टाकून राह्यलो, सायेब," उमाजी म्हणाला.

"पण मी तर काहीच कबूल केले नव्हते."

"म्हणून तं," उमाजी म्हणाला.

साहेबांना ते कळलं नाही, पण समोरचं दिसत होतं. कोणी बोलावलं नाही, कोणी आश्वासन दिलं नाही, आणि तरी म्हाताऱ्याकोताऱ्यांसकट गाव मातीत उभं होतं. पोरगेलासाच माणूस तो. त्याचे डोळे भरून आले. तो मातीच्या ढिगावर चढला आणि त्यानं दोन्ही हात वर केले.

"ग्रामस्थहो! मी चुकलो. तुमचे दार मंजूर! सिमेंट येणार! निश्चित येणार! अवश्य येणार! निःसंशय येणार! खचित येणार!"

परीक्षेत प्रथम श्रेणी मिळवणाऱ्या माणसाकडे शब्दांना तोटा नव्हता. प्रत्येक शब्दाला एकेक टोपली खाली आली. शेवटचा शब्द झाला तेव्हा पाळीवर एकही हात हलत नव्हता. डोमा दगडापुढे आडवा पडून नाक घासत होता. "मेलो ना गा सगळे," देवकाबाई ओरडली, "कोंबडी आणा कोनी तरी!" रामाजीनं पावडं खांद्यावर टाकलं आणि घराची वाट धरली. त्याच्या मागे आणखी चारजण वळले.

"गुरुजी," साहेब भांबावून म्हणाले, "यांना आनंद झाला नाही काय?"

मास्तरांनी पाहिलं, कमळाबाईही टोपली उपडी करून उभी होती. मिळालेलं सिमेंट डोळ्यांदेखत चाललं होतं. आता लाज धरण्यात अर्थ नव्हता. "साहेब," ते म्हणाले, "शब्द परत घ्या."

"कोणता?"

"चारही."

"पण मंजुरी खरी आहे!"

"ती असू द्या. शब्द तेवढे परत घ्या. मोठ्यानं. त्या दगडाकडे तोंड करून."

साहेबांनी मास्तरांकडे निरखून पाहिलं. मास्तर थट्टा करत नव्हते. उमाजी हात जोडून पुढे आला. "घ्या सायेब वापस. गरिबाचं तळं हाय."

हे परीक्षेत कुठेच नव्हतं.  साहेब ढिगावरून खाली उतरले, बूट काढले, हॅट काखेत धरली आणि शेंदराच्या दगडापुढे ताठ उभे राहून खणखणीत आवाजात म्हणाले, "सदर मंजुरी अद्याप अनिश्चित आहे."

उमाजीनं मास्तरांकडे पाहिलं. "काय म्हंते?"

"काई खरं नाई, म्हंते," मास्तरांनी भाषांतर करून सांगितलं.

"मंग जमते," उमाजी म्हणाला, आणि त्यानं कुदळ उचलली. रामाजी अर्ध्या वाटेतून परत फिरला. साहेब बूट हातात घेऊन जीपकडे गेले, आणि ड्रायव्हरला पुढे काढायला सांगण्याऐवजी कोट काढून सीटवर ठेवून परत आले. कोणीतरी त्यांच्या हातात टोपली दिली.

पाळ होणार, दार बसणार, बांधीत धान डुलणार, हे मास्तरांना आता पक्कं कळून चुकलं होतं. पण ती खात्री त्यांनी मनातल्या मनातसुद्धा वर येऊ दिली नाही, आणि खाली वाकून कमळाबाईच्या डोक्यावर मातीची टोपली चढवून दिली.